डुलक्याचा उजवा पाय

इकडेतिकडे काय बघताय? समोर बघा. आत्ता ज्याच्यात बघून तुम्ही केस सारखे केलेत, तोच मी. आरसा. आजवर माझ्यापुढे माणसं हसली, रडली, दातांत अडकलेलं काढत बसली, आणि मी मुकाट्यानं बघत राहिलो. आता कडेकडेनं माझा पारा उडायला लागलाय. सगळाच उडायच्या आत एकदा मला माझं सांगून टाकू द्या.

हातच्या काकणाला आरसा कशाला, असं तुम्ही लोक म्हणता. मला ही म्हण कधीच आवडली नाही. काकणाला नसेल लागत, पण तोंड नीट पुसलंय की नाही ते बघायला शेवटी माझ्याकडेच येता ना? तर असो. आरसा म्हणजे तोंडावर बोलणारा, त्याच्या पोटात काही राहत नाही, असा तुमचा समज आहे. माझ्या पोटात एक गोष्ट जवळजवळ जन्मभर राहिली.

माझी एक जन्मखोड आधीच सांगून ठेवतो, नाहीतर मागाहून म्हणाल की लपवलं. तुम्ही उजवा हात वर केलात की माझ्यातला माणूस डावा वर करतो. सगळे आरसे असेच असतात, त्याला माझा इलाज नाही. पण या खोडीनं एका घरात काय काय केलं, तेच सांगायला मी बसलोय.

माझा जन्म काचेच्या कारखान्यातला. पाठीला चांदीचा लेप बसला, तुम्ही त्यालाच पारा म्हणता, त्यावर तांबडा रंग चढला आणि मी काचेचा आरसा झालो. एका सुतारानं मला लाकडी कपाटाच्या दारात बसवलं, पहिल्यांदा माझ्यात बघून स्वतःच्या मिशा नीट केल्या आणि मग कपाट गिऱ्हाइकाच्या घरी पोचवलं. घरात माणसं चार. वडील छापखान्यात अक्षरांचे खिळे जुळवायचे, आई घर बघायची, थोरली मुलगी आणि तिच्यानंतर बऱ्याच वर्षांनी झालेला मुलगा. मुलीला सगळे ताई म्हणत, आईवडीलसुद्धा. मुलाला धाकटा म्हणत. पुढे तो मोठा दिग्दर्शक झाला, पोरंसोरं त्याला सर म्हणू लागली, पण माझ्या तोंडी तो धाकटाच बसलाय, आणि आता या वयात मी काही सवय बदलणार नाही.

ताईचा डावा पाय लहानपणी एका तापात लुळा पडला होता. बाहेर जाताना ती जाड तळव्याचा बूट घालायची आणि इतकी जपून, इतकी हळू चालायची, की नवख्या माणसाला चटकन कळायचं नाही. पण डॉक्टरांनी सांगितलं होतं की रोज अनवाणी चाला, आरशात बघून चाला, पाय वळण घेईल. म्हणून दुपारी आई कामात असली की ताई या खोलीचं दार लावून घ्यायची. बूट काढायची. दारापासून माझ्यापर्यंत यायची, वळायची, परत जायची.

अनवाणी ती कशी चालायची, ते मला आजही जसंच्या तसं आठवतं. आधी डाव्या हाताच्या चिमटीत फ्रॉकची कड धरायची, जणू त्या कडेनंच पाय उचलला जाणार आहे. मग कंबर वर, पाय बाहेरून अर्धा फेरा घेऊन पुढे, आणि टेकला की मानेला एक छोटासा झोका, कुणाला तरी हो म्हटल्यासारखा. माझ्यापाशी पोचली की ती स्वतःला जीभ काढून दाखवायची. रागानं नाही हं, गंमत म्हणून. पोर आनंदी होती. फक्त चालताना कुणी बघितलेलं तिला अजिबात खपायचं नाही.

आणि नेमका त्याच वेळी, त्याच खोलीत, माझ्यासमोर जमिनीवर घातलेल्या गादीवर धाकट्याला दुपारचं झोपवलेलं असायचं. ताई त्याला दम द्यायची, "भिंतीकडे तोंड कर. मागे वळून बघितलंस तर मार खाशील." धाकटा शहाण्यासारखा भिंतीकडे तोंड करायचा. भिंतीला कपाट होतं, आणि कपाटाला मी होतो.

तो झोपायचा नाही. अर्धे डोळे मिटून माझ्यातून सगळं बघायचा. हसला मात्र कधी नाही. एकदा ती धाडकन पडली तेव्हा त्यानं डोळे इतके घट्ट मिटले की पापण्या थरथरायला लागल्या. ताई उठली, कपडे झटकले, परत दारापाशी गेली आणि परत चालायला लागली. ती सरळ काही कधी चालली नाही. पुढे तिला चष्म्याच्या दुकानात नोकरी लागली आणि दुपारचं चालणं संपलं.

धाकट्याला चित्रांचं वेड होतं. वडील छापखान्यातून कोऱ्या कागदांचे कपटे आणायचे, त्यांची गड्डी शिवून हा कोपऱ्यात माणसं काढायचा, प्रत्येक पानावर जराशी वेगळी. अंगठ्यानं पानं फरफर सोडली की माणूस पळायचा, पडायचा, उठायचा. आई म्हणायची, "कागद खातोय नुसता, वाळवी परवडली." तर पुढे खरंच वाळवी लागली, कपाटाला. दार तेवढं वाचलं. तोवर धाकटा एका कार्टून बनवणाऱ्या स्टुडिओत चिकटला होता. तो म्हणाला, आरसा मी नेतो, मला कामाला लागतो. ताई म्हणाली, घेऊन जा की, मी दुकानात दिवसभर आरसेच पुसत असते. अशी माझी घरातून पाठवणी झाली, हातगाडीवरून.

कार्टूनवाल्याला आरसा कशाला, असं तुम्हाला वाटेल. अहो, त्यांचं निम्मं काम आमच्याच जिवावर चालतं. रागावलेलं मांजर काढायचं तर हे आधी स्वतः आरशात रागावून बघतात. भुवई कुठे जाते, गाल कसा फुगतो, ते बघायचं आणि खाली कागदावर उतरवायचं. त्यांच्या टेबलाला मध्ये काच असते, काचेखाली दिवा, त्यामुळे कालच्या चित्रावर आजचा कागद ठेवला की खालचं चित्र आरपार दिसतं आणि त्याहून केसभर पुढचं चित्र काढता येतं. असे कागदांचे ढीगच्या ढीग लागतात तेव्हा कुठे मांजर जांभई देतं. धाकटा माझ्यापुढे इतकी तोंडं वेडीवाकडी करायचा की नवीन आलेला चहावाला कप ठेवून मागच्या मागे पळाला होता.

त्या दिवसांत चपलांच्या एका कारखान्याची जाहिरात आली. गोष्ट कारखान्यानंच दिली होती. एक बदक अनवाणी, अडखळत चाललंय, बाकीची बदकं त्याला हसतात. मग ते चपला घालतं आणि ताठ, सरळ चालत सगळ्यांच्या पुढे जातं. संपली गोष्ट. धाकट्यानं बदक छान गुबगुबीत काढलं. पण स्टुडिओच्या मालकांनी बघून मान हलवली. म्हणाले, "बदक आहे, पण चाल नाही. याला चाल आण, नाहीतर दुसऱ्याला देतो."

धाकटा माझ्यासमोर उभा राहिला. खडा टोचल्यासारखं चालून बघितलं, लठ्ठ शेजाऱ्यासारखं चालून बघितलं, झिंगलेल्या माणसासारखं चालून बघितलं. सगळं खोटं वाटत होतं, त्याला आणि मलाही. मग तो बराच वेळ नुसता उभा राहिला. आणि त्याच्या डाव्या हाताच्या चिमटीत शर्टाची कड आली.

मला पापण्या नाहीत, असत्या तर मी मिटल्या असत्या. कंबर वर, पाय बाहेरून अर्धा फेरा घेऊन पुढे, मानेला झोका. गादीवर पडून त्यानं माझ्यात जे बघितलं होतं, ते माझ्यात पुन्हा जुळेपर्यंत तो चालत राहिला. आणि जुळलं. अगदी तंतोतंत जुळलं. धाकट्याचा चेहरा पडला. त्यानं खांद्यावरून मागे दाराकडे बघितलं, कुणी येत तर नाही ना म्हणून. चोरी करणारा माणूस कसा बघतो, ते मी त्या दिवशी बघितलं. मग तो खाली बसला आणि माझ्यात दिसत होतं तसंच्या तसं कागदावर उतरवायला लागला. फ्रॉकच्या जागी बदकाला शेपटीचं पीस दिलं, चिमटीत धरायला.

मालक हसून हसून खुर्चीवरून पडायचे राहिले. जाहिरात लागली आणि गावभर बदकाचा बोलबाला झाला. लोकांनीच त्याचं नाव डुलक्या पाडलं. जाहिरातीची मालिका झाली, डुलक्याच्या गोष्टींची पुस्तकं निघाली, दप्तरं निघाली. धाकट्याचं नाव झालं. तो खूश होता, खोटं कशाला बोलू. पण ताईकडून काही निरोप आला की त्याच्या हातातली पेन्सिल थांबायची.

पुढचं मी डोळ्यांनी बघितलेलं नाही. स्टुडिओत कॅमेरा चालवणारा त्याचा एक मित्र होता, जाड काचांच्या चष्म्यामुळे सगळे त्याला भिंग्या म्हणायचे. तो चष्मा ताईच्याच दुकानातून करायचा. एक दिवस नवा चष्मा घालून आला, माझ्यात स्वतःला न्याहाळलं आणि बोलता बोलता सांगून गेला. म्हणाला, तुझ्या ताईच्या मागे शाळेची पोरं लागली होती रे, डुलक्या डुलक्या म्हणत, शेपटी धरून चालत होती. मी ओरडणार तेवढ्यात ती थांबली, वळली आणि पोरांना म्हणाली, "अरे, नीट बघत जा. डुलक्याचा उजवा पाय आहे, माझा डावा. तो वेगळा, मी वेगळी." पोरं खजील झाली आणि पांगली. भिंग्या हे सांगून हसला आणि कामाला गेला.

धाकट्यानं झटक्यात कागदांचा गठ्ठा उघडला. पानं सोडली. बदक चाललं. उजवा पाय. तो खुर्चीत मागे टेकला आणि सुटलो बुवा म्हणून त्यानं हुश्श केलं. ताईला कळलेलं नाही. पाय वेगळा म्हणजे चाल वेगळी, आणि म्हणजे आपण काही केलेलंच नाही. उजवा पाय कुठून आला, हे त्याच्या डोक्यात आलंच नाही. मला ठाऊक होतं, पण मला कोण विचारतो?

पण खाई त्याला खवखवे. हुश्श केलेलं फार दिवस टिकलं नाही. पोरं तिच्या मागे लागली होती, एवढं तर खरंच होतं ना? ती थांबून वळली तेव्हा तिला काय वाटलं असेल, हे त्याला बघायला नको होतं आणि सारखं दिसत होतं. रविवारी घरी जायचा, ते पंधरवड्यानं झालं, मग सणावारालाही कामाची सबब निघाली. आई गेली तेव्हा गेला आणि दिवस होताच परतला. ताई त्या जुन्या घरात एकटी राहिली. त्याची बायको म्हणायची, वन्संकडे जाऊन येऊ या, वाट बघत असतील. हा म्हणायचा, हे काम संपलं की जाऊ. कामं काय, एक संपलं की दुसरं तयार. तो तिला फळं पाठवायचा, गरम शाल पाठवायचा, दुरुस्तीला माणूस पाठवायचा. स्वतः जायचा नाही.

आणि डुलक्याही त्याला नकोसा झाला. मालिका त्यानं दुसऱ्यांना देऊन टाकली. मातीच्या बाहुल्यांचा सिनेमा केला, एकेक बोट केसभर हलवत. तो गाजला. मग कागद कापून सावल्यांचा केला. मग काचेवर वाळू पसरून, बोटानं पुसत पुसत. दात कसे घासावेत याच्यावर मुलांसाठी इतका गोड सिनेमा केला की मलाही घासावेसे वाटले. शेवटी हाडामांसाची नटमंडळी घेऊन मोठाले सिनेमे केले. लोक म्हणायचे, काय अष्टपैलू माणूस आहे, एका जागी थांबतच नाही. मला त्याचा राग यायचा आणि कीवही यायची. अष्टपैलू कसला, पळपुटा. प्रत्येक नव्या कामात तो त्या बदकापासून आणखी एक गल्ली लांब पळत होता. एका पटकथेत लंगडणारा पोस्टमन होता, तर यानं त्याला सायकल दिली. लेखक बिचारा शेवटपर्यंत कारण विचारत राहिला.

माझ्यावरही त्याची मर्जी उरली नाही. त्याला मला टाकवतही नव्हतं आणि माझ्याकडे बघवतही नव्हतं. एके दिवशी खळ घेऊन आला आणि माझ्या कमरेखालच्या अर्ध्या भागावर त्यानं जाड खाकी कागद चिकटवला. तोंड दिसावं, पाय दिसू नयेत. आता गंमत ऐका. हाताखालच्या मुलामुलींना वाटलं, ही सरांची खास पद्धत. त्यांनीही आपापल्या आरशांना खालून कागद चिकटवले. नुसत्या चेहऱ्यावर लक्ष राहतं म्हणे. पुढे एका संस्थेत ते शिकवायलाही लागले, असं ऐकलं. एका माणसाची लाज इतक्या लोकांची पद्धत झाली, आणि धाकटा त्यांना अडवूही शकला नाही, कारण अडवायचं तर खरं सांगावं लागलं असतं.

मी त्या कागदामागे वर्षानुवर्षं अर्धा आंधळा होतो. राग यायचा. पण माझंही मन कुठे साफ होतं? पोरानं जे बघायला नको होतं ते मीच दाखवलं होतं. शिवाय दाखवलं तेही उलटं.

दिवस गेले. धाकट्याचे केस पिकले, पाठ वाकली. कसलासा मोठा मान मिळाला त्याला, आणि त्यानिमित्तानं त्याच्या आयुष्यावर फिल्म करायला एक मुलगी कॅमेरे घेऊन स्टुडिओत आली. हुशार होती, लाघवी होती, आणि जरा जास्तच उत्साही. तिनं परस्पर ताईला फोन करून बोलावून घेतलं. धाकट्याला पत्ता नाही. सकाळी दार उघडलं तर दारात ताई, एका हातात काठी, पायात तोच जाड तळव्याचा बूट.

इतक्या वर्षांत ती पहिल्यांदा स्टुडिओत आली होती. त्यानं कधी बोलावलंच नव्हतं. तिनं भिंतीवरची डुलक्याची चित्रं एकेक करून बघितली. धाकट्यानं तिला बस म्हटलंही नाही. मग ती माझ्यापाशी आली. "हा अजून आहे होय," म्हणाली, आणि पर्समधला रुमाल काढून मला पुसलं. हात तिचा तसाच, दुकानातला, कोपऱ्यापासून सुरू करून गोल गोल. मग तिला कागद दिसला. हे काय चिकटवलंय, तिनं विचारलं. मुलाखतवाली मुलगी कौतुकानं म्हणाली की ही सरांची जगप्रसिद्ध पद्धत आहे. ताई म्हणाली, "असं होय," आणि धाकट्याच्या मागे स्टुलावर जाऊन बसली.

कॅमेरा सुरू झाला. मुलीनं हे विचारलं, ते विचारलं, आणि मग तो प्रश्न आलाच. डुलक्याची चाल कुठे सापडली? या प्रश्नाचं उत्तर धाकट्याला तोंडपाठ होतं. एका तळ्याकाठी एक जखमी बदक होतं, मी रोज जाऊन बघायचो, वगैरे. हजारदा माझ्यासमोर सांगितलेली थाप. त्यानं सुरुवातही केली. "एका तळ्याकाठी..." म्हणताना त्याची नजर माझ्याकडे गेली. माझ्यात, त्याच्या पाठीमागे, ताई बसली होती. लहानपणी दिसायची तिथेच.

तो थांबला. मुलीला वाटलं विसरला, तिनं शब्द पुरवायचा प्रयत्न केला. त्यानं हात वर केला आणि कॅमेरा बंद करायला सांगितलं. मग माझ्यात बघतच, मागे न वळता तो म्हणाला, "ताई, ती चाल तुझी आहे. मी चोरली."



"माहीत आहे," ताई म्हणाली. "शेपटी चिमटीत धरतं ते. दुसरं कोण धरतं?"

धाकट्याला काही उमगेना. मग त्या पोरांना तू उजवा पाय, डावा पाय म्हणून का सांगितलंस, असं काहीतरी तो पुटपुटला. ताई हसली. म्हणाली, पोरांच्या तोंडावर मारायला काहीतरी हवं होतं ना, आणि ते खरंही होतं. आईच्या कानावर गेलं असतं तर तिनं तुझं नाव टाकलं असतं. आपलेच दात, आपलेच ओठ, कुणाला सांगायचं? "आणि उजवा पाय बघूनच तर मला पक्कं कळलं, की तू झोपत नव्हतास. दुकानात रोज बघते मी. गिऱ्हाईक आरशात बघून चष्म्याची एका बाजूची काडी ढिली म्हणतं आणि बोट दुसऱ्याच बाजूला ठेवतं. भिंतीकडे तोंड कर म्हटलं, तर गुलाम आरशातून बघत होतास."

धाकटा रडायला लागला. म्हाताऱ्या माणसाचं रडणं फार वाईट दिसतं, आणि मला तर तोंड फिरवायचीही सोय नाही. रडत रडत तो म्हणाला की मला माफ कर, मी तुझं हसं केलं.

"राग आला होता," ताई म्हणाली. "नाही कसा येणार? पण चाल नेलीस त्याचा नाही फारसा. चाल छान काढली होतीस, मीच दुकानातल्या टीव्हीवर बघत उभी राहायचे. राग आला तो शेवटाचा. चपला घातल्या आणि चालायला लागलं सरळ. मी एवढी वर्षं त्या आरशापुढे चालले, एक दिवस तरी सरळ चालले का? बघितलंस ना तू सगळं? मग त्याला का सरळ केलंस? मला वाटलं, धाकट्याला मी अशी नकोच आहे. आणि तेव्हापासून तू यायचाही बंद झालास. मग तेच खरं वाटायला लागलं."

इतकी वर्षं तो एका गुन्ह्यापासून पळत होता, आणि खरा गुन्हा त्या पळण्यातच झाला होता. गोष्ट कारखान्याची होती, शेवट त्यांचा होता, असं तो म्हणू शकला असता. म्हणाला नाही, हे त्याच्या बाजूनं सांगायला हवं. तो एवढंच म्हणाला, "मला तोंड दाखवायची लाज वाटत होती. तू नको होतीस असं नव्हतं गं कधी."

"बरं," ताई म्हणाली. बरं म्हणजे माफ केलं की नाही, ते मला कळलं नाही. धाकट्यालाही कळलं नसावं.

मुलाखतवाली मुलगी डोळे पुसत होती. मी बाहेर थांबू का, तिनं विचारलं. ताई म्हणाली, थांब की, कॅमेरा तेवढा बंद राहू दे. मग ती काठी टेकत माझ्यापाशी आली आणि नखानं खाकी कागदाचा कोपरा खरवडायला लागली. खळ जुनी, हट्टी. धाकट्यानं फडकं ओलं करून आणलं आणि खाली बसून पुसायला लागला. दोघं भावंडं, एक वरून आणि एक खालून, कागद सोलत होती. हळूहळू माझ्यात जमीन आली, टेबलाचे पाय आले, आणि मग ताईचे बूट आले.

तिनं बूट काढले. काठी मुलीच्या हातात दिली. दारापाशी जाऊन उभी राहिली. धाकटा आपसूक माझ्याकडे वळला, लहानपणासारखा, तिच्याकडे पाठ करून.

"भिंतीकडे नको," ताई म्हणाली. "इकडे बघ."

तो वळला. तिनं डाव्या हाताच्या चिमटीत कपड्याची कड धरली आणि चालायला लागली. वयानं पाय आणखी जड झाला होता, फेरा आणखी मोठा झाला होता, मानेचा झोका तसाच होता. धाकटा उघड्या डोळ्यांनी तिच्याकडे बघत होता, आयुष्यात पहिल्यांदा. त्याचा चेहरा कसा झाला होता, ते मी सांगू शकत नाही. माझ्याकडे त्याची पाठ होती.

त्यानंतर धाकट्यानं एकच सिनेमा हातात घेतला, छोटासा, कुणाचीही जाहिरात नसलेला, हातानं काढलेला. एक म्हातारं बदक दारापासून निघतं आणि चालत राहतं. डावा पाय. शेवटपर्यंत ते सरळ होत नाही. रोज सकाळी तो कागद घेऊन ताईच्या घरी येतो, ती खोलीभर चालते, हा समोर बसून काढतो. पाठ दुखते म्हणून कुरकुरतो, ती म्हणते, बस बस, माझ्यापेक्षा जास्त नाही दुखत. सिनेमा पुरा होईल की नाही, सांगता येत नाही. त्याचा हात आता कापतो, आणि तिला दोन फेऱ्यांत दम लागतो.

मला त्यानं ताईच्या घरी परत आणून ठेवलंय, त्याच खोलीत, जुन्या कपाटाच्या जागी भिंतीला टेकवून. तो बसतो ते माझ्याकडे पाठ करून. माझं काम त्याला उरलेलं नाही, आणि याचं मला वाईट वाटत नाही. पण एक सल आहे, तो बोलून टाकतो. त्या दुपारी मला पाय असते तर मी बाजूला झालो असतो. किंवा निदान उजव्याला उजवा आणि डाव्याला डावा दाखवला असता. मग पोरांनी चिडवलं त्या दिवशी ताईजवळ उत्तर उरलं नसतं, हेही खरं. माझ्याच्यानं या हिशेबाचा निकाल लागत नाही.

तुमच्याही घरात कुणीतरी असेल, ज्याला तुम्ही वर्षानुवर्षं आडून, कडेनं बघत आला असाल. माझ्याकडे काय बघताय? मागे ती अजून चालतेय. वळा.